प्रश्न सहावा

मे महिना. मूल्यांकन केंद्रातल्या कूलरला पाणी नाही.
एका कॉपीचे किती मिळतात ते सांगत नाही,
पण चाळीस कॉप्यांत माझं विजेचं बिल निघतं.
कॉपी म्हणजे उत्तरपत्रिका. पुण्याची मावसबहीण हसते,
तुमच्या इंदूरला कॉपी तपासतात? आमच्याकडे पकडतात.
म्हटलं, मी तपासून राहिले आहे, तू हस.
ती "तपासून राहिले"वरही हसली.
असं कुणी ठरवून बोलत नाही गं.
आपण बोलतो, आणि मागाहून कळतं, ठरलेलं होतं.

प्रश्न सहावा, दहा गुण.
समाज माणसाला घडवतो की माणूस समाजाला? उदाहरण देऊन लिहा.
आदर्श उत्तर टेबलावर, प्लास्टिकमध्ये:
व्याख्या दोन, विचारवंत तीन, उदाहरण दोन, निष्कर्ष तीन.
बावीस वर्षं शिकवते आहे.
निष्कर्ष दर वर्षी एकच असतो: दोन्ही.

ह्या कॉपीत व्याख्याच नव्हती.
निळ्या शाईत, हिंदीत, शिरोरेघा न देता लिहिलेलं:

आमच्या घरी सगळे पावणेसहाला उठतात.
बाबा मिलमध्ये बदली कामगार होते.
मिल बंद पडली तेव्हा मी जन्मलेही नव्हते.
भोंगा मी ऐकलेला नाही. आवारात आता बाभळी आहेत.
तरी पावणेसहाला आई गॅस पेटवते,
काका दाढी करतात, कुठेही जायचं नसताना,
आणि सहा वाजता सगळे नुसते बसून राहतात.

दिवाळीनंतर मी ठरवलं, आठपर्यंत झोपायचं.
पहिल्या दिवशी डोळे मिटून जागी होते.
घर माझ्याभोवती चवड्यांवर चालत होतं.
कुणी रागावलं नाही. रागावले असते तर सोपं होतं.
चहावर बशी झाकलेली.
चौथ्या दिवशी खरंच झोप लागली.
नवव्या दिवशी जाग आली तेव्हा साडेसात,
आणि घरात आवाज नाही.
आई अजून अंथरुणात.
मला बघून धडपडत उठली, केस बांधत म्हणाली,
आज भोंगा उशिरा झाला वाटतं.

एवढंच. पुढच्या पानावर "निष्कर्ष" असा शब्द,
खाली दोन रेघा, आणि मग कोरं.

उदाहरणाचे दोन. मी दोन लिहिले.
पोह्यांची वेळ झाली. सगळे म्हणत होते, सेव जास्त टाका,
मीही म्हटलं. जिरावन न मागताच पडलं.

परत आले तर दोन तसाच होता.
दोनाचे आठ होत नाहीत, खोडावं लागतं,
आणि खोडलं की पूर्ण नावाची सही. नियम अकरा.
सहा दिवस मी परीक्षक सत्तेचाळीस होते,
ती एक लांबलचक रोल नंबर.
माझ्या जागी कुणीही दोनच दिले असते,
असं मनाशी म्हटलं,
आणि ते मला माझ्याच वर्गातल्या
शेवटच्या बाकावर बसून ऐकल्यासारखं वाटलं.

खोडलं. आठ केले. सही केली: मृणालिनी श्रीधर टेंबे.
टेंबे सासरचं, श्रीधर त्यांचं,
मृणालिनी आत्यानं ठेवलेलं.
शाई तेवढी माझी.
तीही नाही, पेन विद्यापीठाचं होतं.

चौरसिया सर बंडल मोजत आले,
खाडाखोडीवर थांबले, चष्म्यावरून बघितलं.
मॅडम, कारण लिहावं लागेल.
रकाना जेमतेम बोटभर.
मी लिहिलं, निष्कर्ष बरोबर आहे.

त्यांनी पान उलटलं. परत उलटलं.
कुठे आहे, म्हणाले.
पंख्याखाली उरलेल्या एकतीस कॉप्या
उडू बघत होत्या, आणि पेपरवेट
काही केल्या सापडेना.